उंचीचं लिहिलंत म्हणून

भाऊ, तुम्ही विचारलंत की मुलगी अकराची आहे, दर्यापूरहून अमरावतीला रोलर स्केटिंगला जाते, तुम्हाला टोरांटोकडे नोकरी मिळतेय आणि तिला बर्फावरच्या पेअर्समध्ये, म्हणजे मुलगा-मुलगी जोडीच्या स्केटिंगमध्ये, घालायचंय, तर काय तयारी करावी. आणि शेवटी लिहिलंत, उंची १४१ सेंटीमीटर. मी दोन दिवस त्या आकड्यापाशीच थांबले होते.

मी हिंगणघाटजवळच्या खेड्यातली. आमची लेक वर्ध्याला चाकांवर शिकली, दहाव्या वर्षी इथं कॅनडात बर्फावर उतरली आणि पंधराव्या वर्षी ज्युनिअर पेअर्समध्ये आली. व्हिसाचे पॉइंट, ज्युनिअरसाठी १ जुलैआधी १३ वर्षं पूर्ण लागतात, सीनिअरला आता १७, हे तुम्हाला कुठंही वाचायला मिळेल.

जन्मदाखल्याचं मात्र आजच बघा. आमच्या ग्रामपंचायतीच्या नोंदीत लेकीचं नावच नव्हतं, नुसतं 'मुलगी'. नाव नंतर चढवलं, तेही शाळेतल्यापेक्षा वेगळ्या स्पेलिंगनं. पासपोर्टवर तिच्या नावाला तिच्या बाबांचं नाव जोडून आलं. गावात कुणाला त्याचं काही वाटलं नाही. इथं त्याच तीन नावांनी आमचा एक मोसम खाल्ला. तिचा जोडीदार कॅनडाचा नागरिक. ऑलिंपिकला दोघांचंही नागरिकत्व लागतं, पण आयएसयूच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटनेच्या, स्पर्धांना जोडीतला एक नागरिक असला तरी चालतं, म्हणून आम्ही निर्धास्त होतो. पण युरोपात जायला त्याला पासपोर्ट पुरतो आणि हिच्या भारतीय पासपोर्टला शेंगेन व्हिसा लागतो. ज्युनिअर ग्रां प्री ही आंतरराष्ट्रीय स्पर्धांची मालिका ऑगस्टपासून सुरू होते, त्या मालिकेतल्या सगळ्या स्पर्धांत पेअर्स नसतातच, आणि आपलं नाव लागलंय हे कळतं तेव्हा हातात दिवस थोडे असतात. व्हिसावाल्यांनी दाखल्यावरचं आणि पासपोर्टवरचं नाव जुळत नाही म्हणून कागद परत पाठवले. आमच्या जागी दुसरी जोडी गेली. त्या आठवड्यात लेक माझ्याशी बोलली नाही, आणि मी तिला दोष देत नाही.

शाळेचं अजून मनात आहे. पहाटे साडेपाचला रिंकवर, नऊला शाळेत, तीननंतर पुन्हा रिंक. ओंटारिओत बारावी सुटायला शारीरिक शिक्षणाचा एक क्रेडिट लागतो. रोज चार तास सराव करणाऱ्या मुलीला तो मिळेल अशी आमची समजूत. शाळेनं नाही म्हटलं. थ्रो जंपमध्ये, म्हणजे जोडीदारानं फेकल्यावरच्या उडीत, पडून मांडी काळीनिळी झालेली, आणि त्याच पायानं तिला बास्केटबॉलच्या तासाला धावायला लावायचे. मी दोनदा भेटायला गेले. इंग्रजीत भांडता येत नव्हतं. मराठीत असते तर त्या बाईंना निरुत्तर केलं असतं असं अजून रात्री वाटतं.

एकटेपणाचं विचारलंत. असतो. डिसेंबर ते मार्च जास्त. सवय होते.

आता उंचीचं. पेअर्स म्हणजे दोघांनी शेजारी शेजारी नाचणं नव्हे. मुलगा तिला डोक्यावर एका हातावर तोलतो, ट्विस्टमध्ये वर फेकून कमरेला झेलतो, थ्रोमध्ये लांब भिरकावतो आणि ती एका पायावर उतरते. ज्युनिअरचा मोठा प्रोग्रॅम साडेतीन मिनिटांचा, त्यात हे सगळं. मुलगी चार बोटं वाढली की त्याच्या खांद्याचं, तिच्या फिरण्याचं, दोघांच्या वेळेचं सगळं गणित बदलतं. आणि मुलगे मिळत नाहीत. आमच्या क्लबात जोडीच्या शोधात अकरा मुली होत्या, मुलगा एक. तो एक आमच्या लेकीला मिळाला होता.

म्हणून मी स्वयंपाकघराच्या दाराच्या चौकटीवर पेन्सिलीनं खुणा करायला लागले. दर महिन्याच्या एक तारखेला. खूण मागच्याच खुणेवर पडली की मला आनंद व्हायचा. माझे वडील कपाशी बोटानं मोजायचे, पाऊस लांबला आणि झाड वाढलं नाही तर जेवण जायचं नाही त्यांना. आणि मी लेक वाढली नाही म्हणून खुश व्हायचे. कोचनं मला कधी तसं सांगितलं नव्हतं, हे लिहायलाच हवं. मी आपणहून तिच्या पानातलं तूप बंद केलं. मग भात. मग दुसरी पोळी. आई फोनवर दिसायची, म्हणायची, "काहून वाळली वं पोरगी? पोटभर देतं नं तिले?" मी म्हणायचे, देते.

तरी ती वर्षभरात सात सेंटीमीटर वाढलीच. मुलाच्या घरच्यांनी दुसरी मुलगी बघितली. आम्हाला क्लबच्या ईमेलमधून कळलं. मी लेकीला म्हणाले, "तू ऐकलं असतंस तर." काय ऐकलं असतं तर? वाढली नसतीस तर?

तिनं मला एकदा डियाना स्टेलाटो-डुडेक या स्केटरचं दाखवलं. २००० साली सिंगल्समध्ये ज्युनिअर जागतिक रौप्य, दुखापतींनी सोडलं, मग तिशी उलटल्यावर पेअर्समध्ये आली आणि २०२४ ला माँट्रियलला वयाच्या चाळिसाव्या वर्षी मॅक्सिम देशाँ या जोडीदाराबरोबर जगज्जेती. लेक म्हणाली, बघ, घाई तुलाच होती.

ती आता एकोणीसची आहे. कॉलेज करते, शनिवारी लहान मुलांना शिकवते. तिला बर्फ अजून आवडतो, आणि ते बघून मला बरं वाटतं. म्हणून येऊ नका असं मी म्हणणार नाही. मुलीला आवडत असेल तर या, रिंक चांगले आहेत, कोच जीव लावतात. पण जोडीदार मिळायच्या आधी दोन वर्षं तिला एकटीला स्केट करू द्या, आणि तिच्या खाण्याचं बघायला आहारतज्ज्ञ ठेवा, म्हणजे ते काम तुमच्या हातात राहणार नाही.

मागच्या दिवाळीला गावी गेलो. आईनं पुरणपोळीवर तूप ओतलं, लेकीनं एक संपवली, आईनं दुसरी वाढायला हात पुढे केला. लेकीनं पान पुढे केलं नाही. आधी माझ्याकडे बघितलं.