कॅमेऱ्यावर पोट भरतंय काय ओ?

"मॅडम, पोरगं बी.कॉम. सोडतो म्हणूलालंय. कॅमेऱ्यावर पोट भरतंय काय ओ?"

बेळगावच्या उद्यमबागेतल्या फाउंड्रीतून पाळी संपवून वडील तसेच आले होते. शेजारी दुसऱ्या वर्षाला असलेला मुलगा, मान खाली घालून. (दोघांची ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.) मुलाला माहितीपटांचा छायाचित्रकार व्हायचं होतं आणि त्यासाठी आधी स्वतःचा कॅमेरा हवा होता. वडील सोसायटीचं कर्ज काढायलाही तयार होते. मी 'हो' म्हणायचाच अवकाश.

बेळगाव, खानापूर, निपाणीकडचे आईवडील हा प्रश्न घेऊन माझ्याकडे सल्ल्याला येतात तेव्हा 'मुलाची आवड जपा' एवढं सांगून त्यांना परत पाठवणं मला पटत नाही. ज्या घरात एकच पगार येतो, तिथे पोटाचं आधी बोलावं लागतं.

तेच मी मुलासमोर बोलले. माहितीपटाच्या कॅमेरामनला बहुधा शूटिंगच्या दिवसांचेच पैसे मिळतात. फिल्म पुढे वर्षभर एडिटिंगच्या टेबलावर असली, तरी त्याची मिळकत शूटिंगबरोबर थांबते. म्हणून या कामातली बरीच माणसं संस्थांच्या फिल्म, जाहिराती, अगदी लग्नंही करतात आणि त्यातून माहितीपटाला दिवस काढतात. सुरुवातीची वर्षं कुणाच्या तरी हाताखाली जातात. कर्जाला मी स्पष्ट नाही म्हटलं. कॅमेरा भाड्याने मिळतो, आणि विकत घेतलेला काही वर्षांत मागे पडतो. हप्ता मात्र दर महिन्याला दारात उभा.

कॉलेज सोडायचा विचारही मी तिथेच थांबवला. सिनेमा शिकवणाऱ्या दोन सरकारी संस्था आहेत: पुण्याची एफटीआयआय १९६० सालची, कोलकात्याची सत्यजित राय संस्था १९९५ची. दोन्हीकडे छायाचित्रणाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा असतो आणि प्रवेशासाठी पदवी लागते. कुठल्याही शाखेची चालते, बी.कॉम.सुद्धा. ज्या पदवीला तो अडगळ समजत होता, तीच तिथे दार उघडते.

"ते सगळं मुंबईवाल्यांचं ओ," वडील म्हणाले. मी त्यांना सिनेमाचे छायाचित्रकार व्ही. के. मूर्ती यांचं सांगितलं. म्हैसूरचा माणूस, छायाचित्रण शिकला बंगळूरच्या श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये. २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. तो मिळवणारे ते पहिले छायाचित्रकार. छायाचित्रकार-दिग्दर्शक गोविंद निहलानीही त्याच पॉलिटेक्निकचे. 'पॉलिटेक्निक' म्हटल्यावर वडील खुर्चीत जरा मागे टेकले. तो शब्द त्यांच्या ओळखीचा होता.

मुलाला मी एक काम दिलं. एक माणूस, एक काम, वीस मिनिटं. संगीत नाही, स्लो मोशन नाही.

निपाणीजवळच्या मामाच्या गावातलं गुऱ्हाळ त्याने शूट करून आणलं. चुलवाणाचा जाळ, काहिलीवरची वाफ, ड्रोनमधून दिसणारा ऊस. दिसायला देखणं होतं, पण गूळ कसा होतो ते काही कळत नव्हतं. गुळव्याने, म्हणजे गूळ करणाऱ्या कारागिराने, पाक पारखला तो क्षण कुठे आहे, असं मी विचारलं. तेव्हा हा लेन्स बदलत होता.

"परत जा. पहिल्या दिवशी कॅमेरा पिशवीतच ठेव," मी म्हटलं.

तीन आठवड्यांनी तो आला तेव्हा वडीलही बरोबर होते. लॅपटॉपवर एकच लांब शॉट लागला. अंधारी शेड, एका बाजूने जाळाचा उजेड. गुळव्या मळी काढून बाजूला टाकतो. मालकाशी मराठीत बोलता बोलता मान वळवून जाळ घालणाऱ्याला म्हणतो, "उरी कडिमि माडो." जाळ कमी होतो आणि त्याचा चेहरा काळोखात जातो. कॅमेरा हलत नाही. मग काहिलीतला थेंबभर पाक तो पाण्यात सोडतो, दोन बोटांनी त्याची गोळी वळतो, ती बघतो. पुन्हा वळतो. आणि मान हलवतो.

आता तो क्षण येणार हे मुलाला ठाऊक होतं. दोन दिवस तो नुसता बसून राहिला होता. गुळव्या कानडीत काय म्हणाला, ते त्याला कुणाला विचारावं लागलं नव्हतं. बाहेरून आलेल्या कॅमेरामनला त्यासाठी दुभाषा लागला असता, आणि तोवर जाळ कमी होऊन गेला असता. मराठी माध्यम, बेताचं इंग्रजी म्हणून हा मुलगा स्वतःला कमी समजत आला होता. त्याच्याकडे काय आहे ते मी त्याला त्या शॉटवर बोट ठेवून दाखवलं.

ठरलं ते असं: पदवी पुरी करायची, शनिवार-रविवार शहरातल्या एका व्हिडिओग्राफरकडे असिस्टंट म्हणून जायचं, त्या पैशातून आधी ट्रायपॉड आणि चांगला माइक घ्यायचा, शेवटच्या वर्षी प्रवेश परीक्षेला बसायचं. ती नाही निघाली तर काय, तेही कागदावर लिहिलं.

वडील सगळा वेळ गप्प होते. उठताना त्यांनी मुलाला विचारलं, "त्या गुळव्याला दाखवलास काय हे?"

"नाही, पप्पा."

"मग आधी त्याला दाखवून ये."