मोडीची मुळाक्षरं येतात, पण घरातलं जुनं खरेदीखत वाचता येत नाही. काय चुकतंय?

तुमचा प्रश्न असा: दहा दिवसांचा वर्ग केला, मुळाक्षरं आणि बाराखडी पाठ आहे, सहा महिने तक्ता घेऊन बसताय, तरी घरातलं खरेदीखत चार शब्दांपुढे सरकत नाही. रोज पाऊण तास देता येतो. तेवढा वेळ पुरेसा आहे, फक्त तो वापरायची पद्धत बदलावी लागेल.

तक्त्यावर अक्षरं सुटी असतात. कागदावर लिहिणाऱ्याने आधी आडवी रेघ पूर्ण ओढलेली असते आणि अक्षरं तिला लटकत जातात. शब्दांमध्ये जागा नाही, विरामचिन्हं नाहीत, वेलांटी आणि उकार यांत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही. काना खालून वर रेघेकडे जातो आणि तिथूनच पुढचं अक्षर सुरू होतं, कारण लिहिणाऱ्याला हात उचलायचा नसतो. काही अक्षरांचं रूप काना किंवा उकार लागला की मूळ अक्षराशी नातं सांगणार नाही इतकं बदलतं. हात कुठून कुठे गेला हे कळत नाही तोवर अक्षर कुठे संपलं हे डोळ्याला कळत नाही. हे कळण्याचा एकच मार्ग मला खात्रीचा वाटतो: स्वतः लिहिणं.

म्हणून पहिले सहा आठवडे खरेदीखत कपाटात ठेवा. दोन मिलीमीटर सपाट निबचं पेन घ्या, बोरू तासता येत असेल तर उत्तमच. आखीव वही घ्या, एक ओळ सोडून एक वापरा. आधी पूर्ण रेघ ओढायची, मग लिहायचं. अक्षर लिहून वर रेघ द्यायची सवय लागली की जोड कधीच साधत नाही. रोजच्या वर्तमानपत्रातल्या आठ-दहा ओळी मोडीत उतरवा, शब्द न तोडता. पंचवीस मिनिटं हे. उरलेली वीस मिनिटं कालचं पान वाचायला, मूळ बातमी न बघता. स्वतःचंच अक्षर जिथे अडतं ती अक्षरं वहीच्या शेवटच्या पानावर टिपा आणि दुसऱ्या दिवशी त्यांचीच बाराखडी तीनदा लिहा. लोक इथे कंटाळतात आणि थेट जुन्या कागदाकडे वळतात. तेवढं टाळा.

सातव्या आठवड्यात खरेदीखत बाहेर काढा. मूळ कागद हाताळू नका. खिडकीशेजारी, उन्हाची तिरीप नसताना फोटो काढा आणि दीडपट-दुप्पट मोठी प्रत छापून घ्या. वरून खाली वाचत सुटू नका, चतुःसीमा शोधा. जमिनीच्या किंवा घराच्या खतात ती बहुधा असतेच: पूर्वेस, पश्चिमेस, दक्षिणेस, उत्तरेस. चारही शब्दांच्या शेवटी ‘स’ आहे आणि चारही जवळजवळ येतात, त्यामुळे एक सापडला की बाकीचे सापडतात. या चार शब्दांत त्या लेखकाचे प, र, व, स, श, च, म, द, ण, उ, त तुमच्या हाती आले. ट्रेसिंग कागदावर ते गिरवून त्याचा वेगळा अक्षरपट करा. मग ‘लिहून देणार’, ‘लिहून घेणार’, ‘सदरहू’, ‘साक्ष’ शोधा. दस्तऐवजाचा साचा ठरलेला असतो; माहीत असलेल्या शब्दांवरून माहीत नसलेलं अक्षर काढायचं. पेशवाईतल्या पत्रांतही हेच चालतं: सुरुवातीला ‘विनंति उपरी येथील कुशल जाणून’, शेवटी ‘बहुत काय लिहिणे’. हे मायने तोंडपाठ करा, मग नवीन हाताचं पत्रही कुठून उघडायचं ते कळेल.

उभ्या रेघांना खूप जण अडखळतात. आकड्यापुढची एक रेघ पाव, दोन म्हणजे अर्धा, तीन म्हणजे पाऊण. ‘४॥’ म्हणजे साडेचार. पण अक्षरापुढच्या दोन रेघा संक्षेपाची खूण असतात: ‘मु॥’ मुक्काम, ‘प॥’ परगणा, ‘चि॥’ चिरंजीव. आधी आकडा आहे की अक्षर, ते बघा. रक्कम आकड्यात आणि अक्षरी अशी दोन्हीकडे असेल तर दोन्ही स्वतंत्रपणे वाचून मगच ताडा. एकीवरून दुसरी ‘वाचली’ तर दोन्हीकडे तीच चूक बसते.

पेशवेकालीन कागदांवर गेलात की सालाचा प्रश्न येतो. ‘छ’ म्हणजे चंद्र, पुढे मुसलमानी महिन्याची तारीख. ‘सु॥’पुढे शुहूर सन (त्या काळच्या कागदांतली वर्षगणना) अरबी शब्दांत असतो, एकं आधी: इहिदे (१) सितैन (६०) मया (१००) व अलफ (१०००), म्हणजे ११६१. हे वर्ष मृगाला बदलतं. मृगापासून डिसेंबरअखेरपर्यंत ५९९ मिळवा, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६००. पानिपत १४ जानेवारी १७६१चं, म्हणून ११६१ अधिक ६००. ‘सबैन’ (७०) आणि ‘तिसैन’ (९०) घाईत एकमेकांसारखे वाचले जातात आणि कागद वीस वर्षं सरकतो. पत्रातल्या माणसांची नावं त्या सालाशी जुळतात का, हे दरवेळी बघा.

आता ज्या शिस्तीवर सगळं अवलंबून आहे ती. लिप्यंतर ओळीला ओळ करा, ओळींना क्रमांक द्या, न लागलेल्या अक्षराच्या जागी टिंब ठेवा. अंदाजाने भरलेला शब्द दुसऱ्या दिवशी वाचलेलाच वाटतो, आणि त्याच्यावरून पुढचे तीन शब्द चुकतात. शंका असलेल्या शब्दाखाली पेन्सिलीने रेघ मारा. दोन दिवसांनी लिप्यंतर न बघता तीच ओळ पुन्हा वाचा. दोन्ही वाचनं जुळली तरच रेघ खोडा. मूळ स्पेलिंग सुधारू नका, ‘पाणि’ दिसलं तर ‘पाणि’च लिहा. दिवसाला दोन-तीन ओळी झाल्या तरी सुरुवातीला ती चांगली गती आहे.

पुढे कुठे जायचं? इंग्रजी अमदानीतल्या कागदांची भाषा सोपी, पण टाकाने भरभर लिहिलेलं अक्षर बरेचदा ओबडधोबड. पेशवाईतल्या दफ्तरी पत्रांचं वळण सुबक, पण ‘मशारनिल्हे’, ‘बितपशील’, ‘पैवस्त’ असे फारसी शब्द माहीत हवेत. माझं मत, तुमचं खत संपलं की पेशवाईकडे वळा, शब्द वहीत जमवता येतात. शिवकालीन कागद त्यानंतर. पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ आणि पुराभिलेखागारातलं पेशवे दफ्तर इथे आयुष्य पुरणार नाही इतके कागद आहेत. तंजावरच्या सरस्वती महालातही मराठी राजांचे मोडी कागद आहेत.

खतावरून कोर्टात किंवा सरकारी कचेरीत काही मागायचं असेल तर स्वतःचं लिप्यंतर जोडू नका, जाणकार मोडी वाचकाकडून रीतसर करून घ्या. आणि मूळ कागदाला लॅमिनेशन करू नका, चिकटपट्टी लावू नका. घडीवर फाटत असेल तर सपाट करून आम्लरहित कागदाच्या पाकिटात, कोरड्या जागी ठेवा, आणि त्याच्याजवळ बसताना हातात फक्त पेन्सिल असू द्या.