भाजायचं की गोठवायचं?

गेल्या पावसाळ्यात गुहागरकडच्या एक काकू आल्या होत्या, एसटीने, कॅरीबॅगेत ईसीजीच्या पट्ट्या आणि वर माझ्यासाठी आमसुलं. मधूनच छाती धडधडायची, नाडी १८०, मग आपोआप बंद. डॉक्टरांनी अ‍ॅब्लेशन, म्हणजे हृदयातली बिघडलेली विजेची वाट बारीक डाग पाडून बंद करणं, सांगितलेलं आणि मुंबईच्या पुतण्याने मोबाईलवर तीन प्रकार पाठवलेले, उष्णतेचं, क्रायो बलूनचं म्हणजे फुग्याने गोठवण्याचं, आणि नवीन ते पल्स्ड फील्डचं, म्हणजे विजेच्या झटक्यांचं. नवीनच करा, काकू, जुनं नको, असं त्याचं म्हणणं. आणि काकूंचं एकच, "मेलं काळीज जाळणार म्हणजे काय उरणार?"

हा प्रश्न माझ्याकडे आठवड्याला एकदा तरी येतोच. मी डॉक्टर नाही, पण फाईलवर आजाराचं नाव आधी बघते. काकूंच्या फाईलवर होतं एव्हीएनआरटी, म्हणजे हृदयातला विजेचा संदेश दोन वाटांत गोल फिरत बसतो ती धडधड. पुतण्याची तुलना होती एट्रियल फिब्रिलेशनची, म्हणजे हृदयाच्या वरच्या कप्प्यांच्या अनियमित थरथरीची, तिथे फुफ्फुसाकडून येणाऱ्या शिरांच्या तोंडाभोवती गोल डाग पाडायचे असतात म्हणून बलून सोयीचा. काकूंचं तसं नाहीच. म्हटलं, काकू, वाडीत शिंपण्याचे दोन पाट एकमेकांना जोडले गेले आणि पाणी गोल फिरत बसलं तर काय कराल? "एक बुजवू." बस्स, तेवढंच करायचंय, वाडी नाही जाळायची. कॅथेटरचं, म्हणजे हृदयापर्यंत नेलेल्या बारीक नळीचं, टोक साधारण ५०-६० डिग्रीला तापतं आणि डाग पडतो काही मिलीमीटरचा.

खरी भीती मग निघाली, शेजारणीला पेसमेकर बसलेला. ती भीती अगदीच खोटी नाही, कारण तो पाट हृदयाच्या मुख्य वायरिंगला, म्हणजे एव्ही नोडला चिकटून असतो. उष्णतेने शंभरात एखाद्याला, कधी त्याहून कमी, तिथे कायमची इजा होते आणि मग पेसमेकर लागतो. गोठवण्यात (इथे बलून नाही, नळीच्या टोकानेच) आधी उणे ३० च्या आसपास नेऊन बघता येतं, गडबड दिसली तर थांबायचं, ऊब आली की नोड बहुतेक वेळा पूर्ववत होतो. पण त्यात त्रास परत येण्याचं प्रमाण जास्त, आणि उष्णतेने शंभरात ९५ च्या वर लोकांचं काम होतं. म्हणजे पुतण्या म्हणतो तसं नवं-जुनं हा मुद्दाच नाही.

कालनिर्णयच्या फाटक्या पानामागे काकूंकडून दोन प्रश्न लिहून घेतले. माझा पाट नोडपासून किती लांब? तुमचा हात कशात बसलाय? डॉक्टर म्हणे हसले, पण दोन्हीचं नीट उत्तर दिलं आणि उष्णतेनेच केलं.

नंतर फोन आला तेव्हा धडधडीबद्दल एक शब्द नाही. तक्रार एवढीच की जांघेतून नळी घातली म्हणून पाय सरळ ठेवून तासन् तास निजवलं, आणि चहा गार दिला.