युद्ध संपल्यानंतरचं दाखवणारा, कवितेसारखा एखादा लघुपट सुचवाल का?

सुचवतो, पण जेवताना लावू नका. आलाँ रेने या फ्रेंच दिग्दर्शकाचा ‘नाइट अँड फॉग’, १९५५ साली केलेला, जेमतेम ३२ मिनिटांचा.

यात लढाई अजिबात नाही. सुरुवातीला नुसतं माळरान आणि आभाळ. कॅमेरा सावकाश खाली उतरतो आणि मध्ये काटेरी तार येते. मग नाझींच्या रिकाम्या पडलेल्या आउशविट्झ छळछावणीतून तो चालत राहतो, कुणाचं तरी घर शोधत असल्यासारखा. विटांच्या ओसाड इमारती, रुळांवर माजलेलं गवत. हे सगळं रंगीत. मध्येच जुनी कृष्णधवल छायाचित्रं येतात आणि मागचं ते गवत डोळ्यांसमोरून हलत नाही. गॅस चेंबरच्या छताशी कॅमेरा रेंगाळतो, तेव्हा निवेदन सांगतं की काँक्रीटवरचे ते ओरखडे नखांचे आहेत.

‘कवितेसारखा’ म्हणालात म्हणून सांगतो, निवेदन लिहिणारा जाँ केरोल खरोखरच कवी, आणि स्वतः माउटहाउझेन-गुझेनच्या छावणीतून वाचलेला. तो सोबत असेल तरच करेन, अशी रेनेची अट होती. निवेदनाचं जर्मन भाषांतर पाउल त्सेलान या कवीचं; त्याचे तर आईवडील छावणीतच गेले.

फ्रेंच सेन्सॉरला खुपलेली एक गोष्ट ऐका: एका फोटोतली टोपी! फ्रान्समधल्याच छावणीवर पहारा देणाऱ्या फ्रेंच शिपायाची होती ती. शेवटी फोटोवर आडवी तुळई रंगवून ती झाकावी लागली. आताच्या प्रतींत टोपी परत दिसते, नीट बघा.

मला खटकतं ते एवढंच, की निवेदनात ज्यूंचा उल्लेख जवळजवळ नाहीच. मारले गेले ते कोण, हे ज्याला आधीपासून माहीत नाही त्याला या लघुपटातून कळणार नाही. आधी थोडं वाचून बसलात तर बरं.

पहिल्या वेळी माझे डोळे सबटायटल्समध्येच अडकले. फ्रेंच येत नसूनही दुसऱ्यांदा ती बंद केली, तेव्हा कुठे हान्स आइस्लरचं संगीत ऐकू आलं. आपल्याकडे अशा ठिकाणी सारंगी रडली असती. इथे समोरचं दृश्य जितकं भयाण, तितके सूर हलके. केसांच्या ढिगाऱ्यावरून कॅमेरा वर सरकत जातो, ढीग काही संपत नाही, आणि वाद्यं मात्र अगदी दबक्या आवाजात वाजत राहतात.