वाढीव मोबदला आणि मुखत्यारपत्र : कोणाला, किती आणि केव्हा

या वेळी आलेले तीन प्रश्न एकाच विषयाचे, म्हणजे भूसंपादनात गेलेल्या जमिनीच्या वाढीव मोबदल्याचे, असल्यामुळे त्यांना एकत्र उत्तर देत आहे. वरुड तालुक्यातील एका संत्रा बागायतदाराने विचारले आहे की, "वाढीव मोबदला मिळवून देतो" असे म्हणणाऱ्या माणसाला कुलमुखत्यारपत्र, म्हणजे आपल्या वतीने सर्व व्यवहार करण्याचा अधिकार देणारे पत्र, द्यावे काय. बाभुळगावकडील एका भगिनीची जमीन वृद्ध आईच्या नावावर आहे आणि आईला कचेरीत नेणे शक्य नाही. नांदुऱ्याच्या शेतकऱ्याने असे पत्र देऊन टाकले आहे व आता ते परत घ्यायचे आहे.

पहिले उत्तर स्पष्ट आहे. दलालाला कुलमुखत्यारपत्र देऊ नका. निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश, जाहीर झाला की हे लोक मुद्रांकावर टंकलेला मजकूर घेऊनच गावात येतात आणि त्यात अर्ज करणे, तडजोड करणे, रक्कम उचलणे, उरलेली जमीन विकणे असे सगळे अधिकार एकत्र कोंबलेले असतात. एकाच पंपात चार औषधे मिसळायला लावणारा विक्रेता पऱ्हाटी जळाल्यावर जबाबदारी घेत नाही, तसेच येथेही होते. विशेषतः "मोबदल्यात मुखत्याराचा हिस्सा राहील" किंवा "हे पत्र रद्द करता येणार नाही" ही वाक्ये दिसली तर सही करू नका, कारण मुखत्याराचा स्वतःचा हितसंबंध लिहून दिला की भारतीय करार अधिनियमाच्या कलम २०२ चा आधार घेऊन तो पत्र रद्द करण्यास अडथळा आणतो.

मुखत्यारपत्र द्यावेच लागले, तर ते खास, म्हणजे ठरावीक कामापुरतेच, मुखत्यारपत्र असावे. त्यात गट क्रमांक, प्रकल्प व निवाड्याचा उल्लेख असावा आणि अधिकार अर्ज देणे, नोटीस घेणे, वकील नेमणे व सुनावणीस हजर राहणे एवढेच असावेत. रक्कम उचलण्याचा अधिकार देऊ नका. मोबदला खातेदाराच्या स्वतःच्या बँक खात्यातच जमा व्हावा, असे पत्रातच लिहा.

बाभुळगावच्या भगिनीने आईचे मुखत्यारपत्र अशा व्यक्तीच्या नावे करावे, जी ते वावर प्रत्यक्ष वाहते. हा माझा आग्रह आहे आणि त्यामागे कारण आहे. ज्या गोष्टी फक्त खातेदाराला स्वतः माहीत आहेत, त्यांबद्दल मुखत्याराला त्याच्या जागी साक्ष देता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००४ मध्ये स्पष्ट केले आहे. झाडांचे वय किती, आंबिया बहार किती येत होता, विहिरीला उन्हाळ्यात पाणी किती राहत होते, ठिबक केव्हा बसवले, हे तालुक्याच्या ठिकाणी बसलेला दलाल काय सांगणार? जो मुलगा किंवा मुलगी ती बाग राखते, तिला हे स्वतःच्या माहितीने सांगता येते. झाडे व उभ्या पिकांच्या मूल्यांकनासाठी जिल्हाधिकारी २०१३ च्या भूसंपादन अधिनियमाच्या कलम २९ खाली कृषी व फलोत्पादनातील जाणकारांची मदत घेऊ शकतात. म्हणून संयुक्त मोजणीच्या दिवशी घरच्या माणसाने बांधावर उभे राहून प्रत्येक झाड, विहीर व पाइपलाइन पंचनाम्यात लिहून घ्यावी. पिकाची आणि फळझाडांची नोंद ई-पीक पाहणीत आधीच झालेली असावी. नोंद नसलेल्या बागेचे पैसे मागताना मोठमोठे अर्जही कमी पडतात.

आता मुदतीविषयी, कारण सर्वाधिक नुकसान येथे होते. याच भूसंपादन अधिनियमाच्या कलम ६४ प्रमाणे, निवाड्याच्या वेळी तुम्ही किंवा तुमचा प्रतिनिधी हजर असेल, तर त्या दिवसापासून सहा आठवड्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे वाढीव मोबदल्याचा अर्ज द्यावा लागतो. इतरांसाठी नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जे आधी संपेल ते. म्हणजे मुखत्यार हजर राहिला आणि त्याने तुम्हाला सांगितले नाही, तरी मुदत सुरू झालेली असते. पुरेसे कारण दाखविल्यास त्यापुढे एक वर्षापर्यंत अर्ज घेता येतो, पण त्या भरवशावर राहू नका. दलाल "गावातील सगळ्यांचे अर्ज एकत्र टाकू" म्हणून थांबवतो, थांबू नका.

रक्कम घेताना ती हरकत नोंदवून, म्हणजे अंडर प्रोटेस्ट, घेत असल्याचे लेखी द्या व पोच घ्या. हरकतीशिवाय पैसे उचलले, तर कलम ७७ प्रमाणे वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. मुखत्याराने हरकतीशिवाय सही केली तर त्याचे नुकसान तुमचेच आहे. रक्कम उचलण्याचा अधिकार देऊ नका, हे म्हणूनच पुन्हा लिहीत आहे. राष्ट्रीय महामार्गासाठी १९५६ च्या अधिनियमाखाली गेलेल्या जमिनीची तक्रार मात्र लवादाकडे जाते. आपला निवाडा कोणत्या कायद्याखालचा आहे हे आधी वाचून घ्या.

वकिलाचा खर्च झेपत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा; महिला, अनुसूचित जाती व जमातीच्या खातेदारांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.

नांदुऱ्याच्या शेतकऱ्याने पत्र रद्द केल्याचा लेख करावा आणि मूळ पत्र नोंदणीकृत असेल तर रद्दलेखही नोंदवावा. मुखत्याराला रजिस्टर पोस्टाने नोटीस पाठवून तिची प्रत भूसंपादन अधिकारी, संबंधित बँक व प्रकरण चालू असलेल्या प्राधिकरणाकडे त्याच दिवशी द्यावी. रक्कम आधीच उचलली गेली असेल तर लेखी हिशेब मागावा. मागितल्यावर हिशेब देणे हे करार अधिनियमाच्या कलम २१३ प्रमाणे मुखत्याराचे कर्तव्य आहे आणि तो टाळाटाळ करीत असेल तर वकिलामार्फत वसुलीचा दावा व पोलिसांत तक्रार, दोन्ही विनाविलंब करावीत.