रशियासारखा मित्र असूनही २०२० च्या युद्धात आर्मेनिया का हरला?

तुमचा प्रश्न असा आहे : आर्मेनियाचा रशियाशी संरक्षण करार होता, आर्मेनियात रशियाचा लष्करी तळही होता, तरी रशिया मदतीला का आला नाही? आणि तुर्कस्तानने अझरबैजानसाठी नेमकं काय केलं? मी दुसऱ्या भागापासून सुरुवात करतो, कारण बराचसा निकाल तिथेच लागला होता.

आर्मेनिया आणि अझरबैजान यांच्यातली लढाई २७ सप्टेंबर २०२० ला सुरू झाली आणि ४४ दिवसांत संपली. तुर्कस्तानचं काम मात्र कित्येक वर्षं आधीपासून चाललं होतं. १९९४ च्या युद्धबंदीनंतर नागोर्नो-काराबाख (अझरबैजानातला आर्मेनियन वस्तीचा डोंगराळ प्रदेश) आणि त्याभोवतीचे सात जिल्हे पूर्णतः किंवा अंशतः आर्मेनियन फौजांच्या ताब्यात राहिले. त्या पराभवानंतर अझरबैजानने तेलाच्या पैशातून सैन्य नव्याने उभं केलं. प्रशिक्षण तुर्कस्तानने दिलं. २०२० च्या उन्हाळ्यात दोन्ही सैन्यांचा संयुक्त सराव झाला आणि सराव संपल्यावरही तुर्कस्तानची एफ-१६ विमानं अझरबैजानातच थांबली. अझरबैजानचे राष्ट्राध्यक्ष अलियेव यांनी नंतर ते स्वतः मान्य केलं. विमानं जमिनीवर आहेत, पण बाहेरच्या कोणी हल्ला केला तर दिसतील, असा त्यांचा रोख होता. तिसऱ्याने मध्ये पडू नये म्हणून दिलेला हा इशारा होता आणि तो लागू पडला.

आता रणांगणावर काय झालं ते बघा. सोव्हिएत काळात पिकांवर फवारणीसाठी वापरलं जाणारं आन-२ हे जुनं दुपंखी विमान अझरबैजानने वैमानिकाविना आर्मेनियन ठाण्यांवर सोडलं. ते पाडायला विमानविरोधी यंत्रणेने रडार चालू केलं, क्षेपणास्त्र डागलं की तिची जागा कळायची. मग वर घिरट्या घालणारं तुर्की बायरक्तार टीबी-२ ड्रोन किंवा इस्रायली हारोप ड्रोन तिच्यावर तुटून पडायचं. आर्मेनियाकडच्या ओसा या विमानविरोधी यंत्रणा मुळात १९७० च्या दशकातल्या. इतक्या उंचावरच्या छोट्या ड्रोनसाठी त्या बनवलेल्याच नव्हत्या. हवाई छत्र गेल्यावर रणगाडे, तोफा, खंदकातली माणसं, सगळंच उघड्यावर आलं. त्या खंदकांत सक्तीच्या लष्करी सेवेतली अठरा-वीस वर्षांची मुलंही मोठ्या संख्येने होती, हे मला आजही अस्वस्थ करतं. दोन्हीकडचे मिळून साडेसहा हजारांहून अधिक सैनिक त्या दीड महिन्यात गेले.

आर्मेनियाने रशियाकडून चार सुखोई-३० विमानं नुकतीच घेतली होती. ती या युद्धात काहीच करू शकली नाहीत. विमानं घेतली, पण त्यांची क्षेपणास्त्रं युद्धाआधी मिळाली नव्हती, हे आर्मेनियाचे पंतप्रधान पाशिन्यान यांनी २०२१ मध्ये सांगितलं. यात आर्मेनियाच्या नेतृत्वाचा हलगर्जीपणा मोठा आहे. सगळा दोष रशियावर ढकलणं मला पटत नाही.

तरी रशियाचा हिशोब समजून घ्यायला हवा. स्टॉकहोमच्या सिप्री या संस्थेच्या आकडेवारीनुसार २०११ ते २०२० या काळात आर्मेनियाच्या मोठ्या शस्त्रांच्या आयातीपैकी ९४ टक्के रशियाकडून आली आणि अझरबैजानच्या आयातीपैकीही ६० टक्के रशियाकडूनच. टी-९० रणगाडे आणि स्मेर्च रॉकेट लाँचर बाकूला, म्हणजे अझरबैजानला, मॉस्कोनेच विकले. दोन्ही गिऱ्हाईकं सांभाळणारा देश एकाच्या बाजूने दुसऱ्याशी लढेल ही आशाच भाबडी होती.

कराराचं म्हणाल, तर रशिया, आर्मेनिया आणि इतर काही माजी सोव्हिएत देशांच्या १९९२ च्या सामूहिक सुरक्षा कराराचं कलम ४ सांगतं की एका सदस्यावर आक्रमण म्हणजे सर्वांवर आक्रमण. पण आंतरराष्ट्रीय कायद्यानुसार काराबाख अझरबैजानचाच भाग. खुद्द आर्मेनियानेही काराबाखच्या स्वतंत्र सरकारला औपचारिक मान्यता दिली नव्हती. ऑक्टोबर २०२० मध्ये पुतिन यांनी याच मुद्द्यावर बोट ठेवलं : लढाई आर्मेनियाच्या भूमीवर चाललेली नाही. आर्मेनियातल्या ग्युमरी शहरातला रशियन तळ जागचा हलला नाही. ८ नोव्हेंबरला अझरबैजानने शुशा घेतल्याचं जाहीर केलं. हे शहर स्तेपानाकेर्तच्या डोक्यावर कड्यावर वसलेलं, ते गेलं म्हणजे काराबाखची राजधानी तोफांच्या टप्प्यात आली. दुसऱ्या दिवशी आर्मेनियाच्या हद्दीत रशियाचं एमआय-२४ हेलिकॉप्टर अझरबैजानने पाडलं, दोन जण ठार झाले, अझरबैजानने चूक कबूल करून माफी मागितली आणि रशियाने ती घेतली. काही तासांत युद्धबंदी झाली, १,९६० रशियन शांतिसैनिक काराबाखात येणार हे ठरलं. माझ्या मते रशियाला हवं ते न लढताच मिळालं.

२०२० मध्ये कायद्याची ही सबब निदान टिकणारी होती. सप्टेंबर २०२२ मध्ये ती टिकत नाही. तेव्हा अझरबैजानने जेर्मुकसह खुद्द आर्मेनियातल्या ठिकाणांवर मारा केला, दोनशेहून अधिक आर्मेनियन सैनिक मेले, आर्मेनियाने कलम ४ नुसार मदत मागितली आणि या करारातल्या देशांच्या संघटनेने पाहणी करायला शिष्टमंडळ पाठवलं! त्याच वर्षी जानेवारीत कझाकस्तानच्या सरकारला दंगली आवरायला हीच संघटना काही दिवसांत सैन्य घेऊन धावली होती, त्यात आर्मेनियाचेही सैनिक होते. फरक एवढाच की कझाकस्तानात समोर अझरबैजान आणि तुर्कस्तान नव्हते. युक्रेनमध्ये गुंतलेल्या रशियाला तर या दोघांची गरज आणखीच वाढली होती. सप्टेंबर २०२३ मध्ये अझरबैजानने एका दिवसात उरलेलं काराबाख घेतलं, एक लाखाहून अधिक आर्मेनियन घरदार सोडून निघाले, शांतिसैनिकांनी काहीही थांबवलं नाही आणि २०२४ मध्ये तेही परत गेले.

आर्मेनियाने २०२४ मध्ये त्या संघटनेतला सहभाग गोठवला आणि आता तो भारताकडून पिनाक रॉकेट यंत्रणा, फ्रान्सकडून रडार घेतो आहे. हा शहाणपणाचा निर्णय आहे, पण भारत किंवा फ्रान्स यांपैकी कोणीही आर्मेनियासाठी सैन्य पाठवण्याचं वचन दिलेलं नाही. ग्युमरीच्या तळाचा करार २०४४ पर्यंतचा आहे.