इचिरो सुझुकी हा बेसबॉलपटू इतका मोठा का मानला जातो?

कारण ताकदीच्या फटक्यांचा बोलबाला असलेल्या काळात त्याने चपळाई आणि अचूकतेच्या जोरावर राज्य केलं. जपानमध्ये ओरिक्स संघाकडून खेळताना १९९४ ते २००० अशी सलग सात वर्षं तो आपल्या लीगमध्ये फलंदाजीच्या सरासरीत पहिला होता. २००१ मध्ये, वयाच्या २७व्या वर्षी, तो अमेरिकेत सिअ‍ॅटल मरिनर्सकडे गेला. एवढा सडपातळ माणूस तिथे टिकेल का, अशी शंका अनेकांना होती. पहिल्याच मोसमात तो सर्वोत्तम नवोदितही ठरला आणि सर्वात मौल्यवान खेळाडूही!

माझ्या मते त्याचं खरं शिखर म्हणजे २००४. त्या एका मोसमात त्याने २६२ हिट्स (चेंडू मारून बाद न होता किमान पहिला बेस गाठणं म्हणजे हिट) मारल्या आणि जॉर्ज सिस्लरचा १९२० पासूनचा २५७ हिट्सचा विक्रम मोडला. सलग दहा मोसमांत प्रत्येकी २०० हून जास्त हिट्स, शिवाय क्षेत्ररक्षणासाठी दहा गोल्ड ग्लोव्ह पुरस्कार. उजव्या कोपऱ्यातून येणारा त्याचा थ्रो तर क्रिकेट पाहणाऱ्यांनी जरूर बघावा.

अमेरिकेत ३,०८९ आणि जपानमध्ये १,२७८ हिट्स करून तो मार्च २०१९ मध्ये टोकियोत निवृत्त झाला. २०२५ मध्ये हॉल ऑफ फेमसाठी, म्हणजे अमेरिकन बेसबॉलच्या महान खेळाडूंच्या मानाच्या यादीसाठी, त्याला ३९४ पैकी ३९३ मतं मिळाली. हा मान मिळवणारा तो आशियात जन्मलेला पहिलाच खेळाडू.